यादीतली सहावी ओळ

१

शितल पागधरेचा दिवस पाच नावं वाचून सुरू व्हायचा. डहाणूहून सातची एसटी, तलासरीच्या नाक्यावर उतरून दहा मिनिटं पायी, आणि मग बंद पडलेल्या टायपिंग क्लासची ती खोली. क्लास जाऊन चार वर्षं झाली होती, तरी कुठलं बोट कुठल्या अक्षरावर ठेवायचं त्याचा तक्ता भिंतीवर तसाच होता. खिडकीजवळच्या बाकावर तिचा कॉम्प्युटर. तो चालू करून ती समोरच्या टपरीवर चहा सांगायची, आणि चहा येईपर्यंत पडद्यावर एकाखाली एक पाच ओळी उगवायच्या. पाच पाड्यांची पाच नावं. प्रत्येकापुढे हिरवा ठिपका दिसला की ती निवांत व्हायची.

२०१९ची थंडी होती. आदल्या नोव्हेंबरपासून त्या बाजूच्या पाड्यांवर जमीन हलत होती. दिवसातून दोनदा, कधी दहादा. बहुतेक धक्के कुणाला कळतही नसत. एखादा मात्र भांडी पाडून जायचा, भिंतीला चीर देऊन जायचा. लोक घराबाहेर ताडपत्री ठोकून राहायला लागले होते. शितल ज्या छोट्या कंपनीत होती, तिनं पाच पाड्यांवर पाच भूकंपमापक यंत्रं पुरली होती. ती चालू ठेवायची, बिघडली तर जाऊन बघायची आणि आकडे पुण्याला पाठवायचे, एवढंच तिचं काम.

ही पाच यंत्रं तीन वेगवेगळ्या कंपन्यांची होती. प्रत्येकाची भाषा वेगळी, म्हणून ती भाषा कॉम्प्युटरला समजावणारा छोटा प्रोग्राम, ड्रायव्हर, तोही प्रत्येकाचा वेगळा. नोंदी ठेवणाऱ्या प्रोग्रामला यातली एकही भाषा येत नव्हती, आलेख काढणाऱ्यालाही नाही. मध्ये एकच फाइल होती, सगळ्यांची सामायिक लायब्ररी. कोण कोण जोडलेलं आहे आणि ते काय म्हणतंय, हे प्रत्येक प्रोग्राम तिलाच विचारायचा. वारली, गुजराती, मराठी सगळं येणारा बाजारात एकच माणूस असावा आणि सगळ्यांनी त्याच्याच तोंडून बोलावं, तसं ते होतं. तो सांगेल ते खरं मानायचं.

त्या सोमवारी पुण्याहून लायब्ररीची नवी फाइल आली. जुनी काढून ही टाका, असं मेलमध्ये लिहिलं होतं. शितलनं टाकली, कॉम्प्युटर बंद करून पुन्हा चालू केला आणि चहा घ्यायला दारापर्यंत गेली.

परत आली तेव्हा पडद्यावर सहा ओळी होत्या.

२

सहाव्या ओळीत नाव नव्हतं. नावाची जागा कोरी, यंत्राच्या क्रमांकाच्या जागी आठ शून्यं. ठिपका हिरवा.

शितल घाबरणाऱ्यातली नव्हती. वडील बोटीवर, दोन्ही भाऊ बोटीवर. पंधरा-पंधरा दिवस माणसं समुद्रात असलेल्या घरात ती वाढली होती. उगाच काळजी करायची नाही हे त्या घरात आधी शिकवतात. तिनं चहा संपवला आणि धर्मेशला फोन लावला. धर्मेश उंबरगावचा. ही पाचही यंत्रं त्यानं आणि शितलनं मिळून बसवली होती, आणि आता तो पुण्याच्या ऑफिसात बसून लायब्ररीच बघत होता.

"शितलबेन, पाचच आहे ने आपली," तो म्हणाला. "सहावी कुठून आणणार?"

"मग ही काय आहे?"

"ते डमी असेल. यंत्र नसताना प्रोग्राम तपासायचा असला तर आम्ही लायब्ररीत एक खोटं यंत्र घालतो. काढायचं राहिलं असेल कोणाकडून. तू लक्ष नको देऊ."

"डमी काय दाखवतं?"

"सरळ लाट. वर, खाली, वर, खाली. शाळेच्या पुस्तकात असते तशी."

तिनं फोन ठेवला आणि सहाव्या ओळीवर क्लिक केलं. आलेख उघडला. लाट नव्हती. एक बारीक, किंचित थरथरणारी रेघ होती, खऱ्या यंत्राची असते तशी. जमीन कधीच पूर्ण गप्प नसते, आणि ती थरथर तिच्या आता ओळखीची झाली होती.

साडेअकराला एक छोटा धक्का बसला. खोलीत काही कळलं नाही, पण पाचही रेघांवर एकेक तुरा उठला, जवळच्या यंत्रावर आधी, लांबच्यावर मागून.

सहाव्या रेघेवरही उठला. तिसऱ्या आणि चौथ्या यंत्राच्या मधल्या वेळेला.

३

दोन दिवस तिनं ते कुणाला सांगितलं नाही. सांगण्यासारखं काही नव्हतंच. लायब्ररीतला एखादा घोळ असणार. तिसऱ्याचे आणि चौथ्याचे आकडे कुठेतरी एकमेकांत मिसळत असतील आणि त्यातून हे सहावं तयार होत असेल. असं होतं. एकाच फाइलमधून सगळे पाणी पितात तेव्हा एकाचं दुसऱ्याच्या भांड्यात सांडतंच.

पण मिसळून झालेली नोंद दोघांसारखी दिसायला हवी. ही कुणासारखीच नव्हती.

बुधवारी दुपारी तिनं कपाटातून तालुक्याचा नकाशा काढून बाकावर पसरला. पाच यंत्रांच्या जागा ठाऊक होत्या. धक्का कुठे झाला ते त्या पाचांवरून काढता येत होतं. मग तो सहाव्याला किती वेळानं पोचला, त्यावरून सहावं तिथून किती लांब आहे हेही काढता येणार. कंपास नव्हता म्हणून तिनं सुतळीला पेन्सिल बांधली. सोमवारच्या चार धक्क्यांची चार वर्तुळं काढली. ती सगळी एकाच जागी एकमेकांना छेदत होती. कासा रस्त्याच्या वरच्या अंगाला, जंगलात, जिथे घर नाही की दार नाही.

घोळ असता तर वर्तुळं अशी एका ठिकाणी भेटली नसती. तिनं बाटलीतलं पाणी प्यायलं आणि मंगळवारची वर्तुळं काढायला घेतली.

तीही एकाच जागी भेटली. पण ती जागा सोमवारच्या जागेपासून दीड किलोमीटर अलीकडे होती.

बुधवारची आणखी अलीकडे.

तिन्ही ठिपक्यांना तिनं पट्टी लावली. रेघ सरळ आली. ती पुढे वाढवायची गरज नव्हती, तरी तिनं वाढवली. रेघ करंजपाड्यावरून जात होती. तिथे तिसरं यंत्र होतं, ते सांभाळणाऱ्या मालूच्या दारात.

४

गुरुवारी ती करंजपाड्याला गेली. यंत्राची बॅटरी बघायची होतीच, असं तिनं स्वतःला सांगितलं. जीप फाट्यावर सोडून पुढे अर्धा तास चढ.

मालू पन्नाशीची बाई. यंत्राच्या पेटीवरचं सोलर पॅनल रोज सकाळी साडेसातला पुसायचं एवढं काम तिच्याकडे होतं, आणि ते तिनं एकही दिवस चुकवलं नव्हतं. लहानपणी ओढ्यात पडून तिचा डावा पाय मोडला होता आणि आखूडच सांधला गेला होता. यंत्राजवळून माणूस गेलं की त्याची पावलं आलेखावर उमटतात. मालूची पावलं शितल नाव न वाचता ओळखायची. एक मोठं, एक लहान, एक मोठं, एक लहान.

ताडपत्रीखाली मालूची मुलगी लाडकी बसली होती. वर टांगलेल्या झोळीत तिचं दीड महिन्याचं बाळ खोकत होतं. एवढ्याशा जिवाचा खोकला केवढा खोल असू शकतो, हे शितलला माहीत नव्हतं.

"कासाच्या दवाखान्यात नेला व्हता," मालू म्हणाली. "डॉक्टर बोलला, थंडीत ठेवू नका. म्हणून शनवारी घरात जातो आमी. सकाळी जमीन सारवायची, दुपारी आत."

घर दहा पावलांवर होतं. विटांच्या भिंती, कौलं, आत मातीची जमीन. मागच्या भिंतीला चीर होती ती मालूच्या नवऱ्यानं, काकड्यानं, चिखलानं लिंपून घेतली होती.

"अजून आठेक दिवस थांबाल का?" शितल म्हणाली.

काकड्या कुऱ्हाडीचा दांडा तासत होता. त्यानं मान वर केली. "कशाला?"

"यंत्र सांगतंय."

त्याच्या बघण्यात राग नव्हता. "पहिल्या दिशी तूच सांगितला, ताई. यंत्राला आधी काय कळत नाय. झाला ते लिवतं फक्त."

तसं तिनं खरंच सांगितलं होतं, याच अंगणात, याच माणसाला. लोकांना उगाच आशा लावू नये आणि भीतीही घालू नये, म्हणून नीट समजावून सांगितलं होतं. झोळीतलं बाळ पुन्हा खोकलं आणि लाडकीनं पायानं झोका दिला.

"काय झालाय?" मालूनं विचारलं. "तुझा तोंड उतरलाय."

"काही नाही. बॅटरी बघते," शितल म्हणाली.

५

शुक्रवारी सकाळी ती खोलीत आली तेव्हा साडेनऊ झाले होते. सवयीनं तिनं रात्रीच्या आणि पहाटेच्या नोंदी मागे नेऊन पाहिल्या. साडेसातला तिसऱ्या यंत्रावर मालू आली होती. एक मोठं, एक लहान. पेटीपर्यंत आली, पॅनल पुसलं, परत गेली.

सहाव्या रेघेवरही ती होती.

तीच पावलं, त्याच क्षणी, फक्त तिप्पट उंच. शितलनं दोन्ही आलेख एकाखाली एक लावले. यंत्र जितकं जवळ, तितकं पाऊल मोठं उमटतं. तिसरं यंत्र मालूच्या दारात होतं. सहावं तिला त्याहून जवळ होतं.

आणखी एक फरक होता. तिसऱ्या यंत्रावर मालू येताना पावलं वाढत गेली होती आणि जाताना कमी होत गेली होती, हे बरोबरच होतं. सहाव्यावर ती पहिल्यापासून शेवटपर्यंत एकाच उंचीची होती. म्हणजे मालू चालत होती तेव्हा ते तिच्याबरोबर होतं.

शितलनं धर्मेशला फोन लावला. या वेळी आवाज नीट ठेवायला तिला प्रयत्न करावा लागला.

"जुनी लायब्ररी पाठव मला. ही काढून टाकते."

"सोमवारी पाठवतो, शितलबेन. जुनी शोधावी लागेल. का, काही गडबड?"

"हो, गडबडच म्हणायची."

"डमीच आहे ते. मी पाहिलं काल. म्हणजे, डमी असायला पाहिजे तिथे बघितलं. तिथे काही नव्हतं. कोणी तरी काढून टाकलं असणार."

"मग ओळ कुठून येते?"

धर्मेश म्हणाला, "लायब्ररी स्वतःहून काही बनवत नाही ने. कोणी बोललं तरच ती सांगते."

६

शनिवार तिच्या सुट्टीचा. ती पहिल्या एसटीनं निघाली आणि नऊच्या सुमाराला करंजपाड्यावर पोचली. ऊन चांगलं पडलं होतं. मालू घरात सारवत होती. दारातून तिची पाठ दिसत होती. काकड्या अंगणात बसला होता, लाडकी बाळाला घेऊन उन्हात.

तोच प्रोग्राम आणि तीच नवी लायब्ररी शितलनं लॅपटॉपमध्ये घालून आणली होती; तो तिनं पेटीला जोडला आणि मांडीवर उघडला. यंत्राजवळ बसायचं निमित्त तिच्याकडे होतं. सहा ओळी आल्या. मालू आत एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्यात सरकली की तिसऱ्या रेघेवर लहानसं काही हलायचं. सहाव्या रेघेवर ते पडद्याच्या वरच्या कडेला जाऊन टेकत होतं.

"मालूबाई," तिनं हाक मारली, "जरा बाहेर येता का? पाणी प्यायचंय."

मालू हात झटकत बाहेर आली, हंड्यातून पाणी दिलं आणि तिथेच टेकली. "झालीच सारवून. सुकली का आत जायचा." सगळे बसलेले. कोंबड्या तेवढ्या पलीकडे बांधाला होत्या. तिसरी रेघ शांत झाली.

सहावीही शांत झाली. शितलनं मनातल्या मनात वीस मोजले. तिला वाटलं, संपलं. आपण उगाच या भल्या माणसांच्या दारात येऊन बसलो.

मग सहाव्या रेघेवर एक मोठं उमटलं. मग एक लहान. एक मोठं, एक लहान.

मालू तिच्या समोर बसली होती. पाय पोटाशी घेऊन, आखूड पाय वर. शितलनं तिच्या पायांकडे बघितलं, मग पडद्याकडे. तिसरी रेघ सपाट होती. सहावीवर कुणीतरी घराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाऊन येत होतं, मालूसारखंच, घाई न करता.

घोळ, ती म्हणाली मनात. आधीचीच पावलं पुन्हा दाखवतंय. फाइलचा घोळ. घोळ कसा ओळखायचा हे तिला शिकवलेलं होतं: फाइल काढून बघायची. लायब्ररी नसेल तर कुठल्याही यंत्राचा एक शब्दही प्रोग्रामपर्यंत पोचत नाही. तिनं प्रोग्राम बंद केला, लायब्ररीची फाइल उचलून दुसरीकडे टाकली आणि प्रोग्राम पुन्हा उघडला. लायब्ररी सापडत नाही, असा संदेश आला. यादी कोरी. असायला हवी तशीच.

तिनं श्वास सोडला. लॅपटॉप मिटायला तिचा हात झाकणावर गेला, आणि कोऱ्या यादीत एक ओळ उगवली. नाव नाही. आठ शून्यं. हिरवा ठिपका.

तिनं झाकण मिटलं आणि उठली. काकड्याला तिच्या चेहऱ्यावर काय दिसलं कोण जाणे, तो काही न विचारता तिच्या मागोमाग आला.

आत शेणाचा ओला वास होता. खिडकीतून ऊन तिरपं येऊन जमिनीवर पडलं होतं आणि सारवलेली जमीन चकचकत होती. मालूच्या हाताचे अर्धगोल एकात एक गुंफलेले, एकही पाऊल नाही. मधोमध तीन उंचवटे होते. अंगठ्याएवढे, टोकाला थोडे तडकलेले, आतून काहीतरी टेकवल्यासारखे. तिन्हींमध्ये सारखं अंतर.

ते अंतर शितलला मोजावं लागलं नाही. यंत्राला खाली तीन पाय असतात, स्क्रूचे. खड्ड्यात उतरवताना ते वरखाली फिरवून यंत्र सपाट बसवायचं. पाच वेळा तिनं स्वतःच्या हातांनी ते केलं होतं.

"मी सारवला तवा हे नव्हता," मालू दारातून म्हणाली.

"हे काय हाय?" काकड्यानं हलक्या आवाजात विचारलं.

"माझ्या यंत्राचे पाय असे असतात," शितल म्हणाली.

"तुझा यंत्र जमिनीवर ठेवतात."

"हो."

काकड्या उकिडवा बसला. त्यानं डावा तळहात पसरून समोर धरला, जमिनीसारखा आडवा. मग उजव्या हाताची तीन बोटं एकत्र केली आणि वरून न टेकवता, तळहाताच्या खालून, उलटी टेकवली. तसाच हात धरून त्यानं शितलकडे बघितलं.

शितलनं मान हलवली.

तिघंही तिथेच होते तेवढ्यात त्यातला एक उंचवटा किंचित फिरला. पाव वळसा, त्याहून जास्त नाही, आणि त्याच्या टोकावरचा शेणाचा ओला पापुद्रा सुटून खाली पडला. पाय फिरवून कुणी यंत्र सपाट करावं, तसा.

काकड्यानं मालूला हातानं मागे सारलं. मग सगळे बाहेर आले, अजिबात न धावता, पाऊल उचलून उचलून.

७

त्या घरात ती माणसं पुन्हा राहिली नाहीत. काकड्यानं भांडी आणि कणगी तेवढी बाहेर काढली, दार तारेनं बांधलं आणि कुणी विचारलं तर भिंतीची चीर दाखवू लागला. भाऊबंदांनी मिळून ओढ्यापलीकडे कुडाचं खोपट उभं केलं, चार दिवसांत. बाळाचा खोकला पुढच्या आठवड्यात उतरला. मालूनं स्वतः शितलला फोन करून ते सांगितलं.

सोमवारी धर्मेशनं जुनी लायब्ररी पाठवली होती. शितलनं ती टाकली. पाच ओळी आल्या, पाच हिरवे ठिपके. तिनं यादी खाली सरकवून पाहिली. लायब्ररीविना उगवलेली ती ओळही आता नव्हती. पुण्याला तिनं लिहिलं: पाच यंत्रं, पाचही चालू.

नवी फाइल तिनं पुसली नाही. एका पेन ड्राइव्हमध्ये घालून ती घरी आणली आणि कपाटात, कपड्यांच्या खाली ठेवली. ती पुन्हा टाकली तर ते आता कुठे आहे हे नकाशावर दिसेल, एवढं तिला माहीत होतं. पहिले काही दिवस रोज सकाळी तिला वाटायचं, घेऊन जावी. मग सुतळी आणि पेन्सिल आठवायची, पट्टी लावून वाढवलेली रेघ आठवायची, आणि ती तशीच निघायची. करंजपाड्याच्या पुढे ती रेघ कुठे जाते हे तिनं पाहिलं नव्हतं. नकाशा तिनं घडी घालून परत ठेवला होता.

फेब्रुवारीतल्या एका रविवारी ती डहाणूला घरी होती. आई अंगणात सुके बोंबील उलटत होती. शितल आतून टोपली घेऊन आली, अनवाणीच ओटा उतरली, वाळवणापाशी टोपली ठेवून परत निघाली.

"काय गं," आईनं मागून विचारलं, "पायाला काय झालं?"

"काही नाही. का?"

"अशी का चालतेस मग? महिनाभर बघते. घरात पण अशीच. खाली कुणी झोपलं असावं तशी."

शितल थांबली. एक पाय ओट्यावर, एक खाली. आई उत्तराची वाट बघत होती. मग तीही हातातला बोंबील तसाच धरून जमिनीकडे बघायला लागली.

"आई," शितल हळू म्हणाली, "तू पण चप्पल काढ."